दम लागतो का, हे बसून कळत नाही

(कल्याण येथील मासिक बैठकीत केलेल्या भाषणाचा मजकूर)



आयोजकांनी मला विषय दिला होता ‘तंत्रज्ञान आणि आरोग्य’. हा विषय एवढा मोठा आहे, की त्यावर काहीही बोलून अर्धा तास काढता येतो. म्हणून मी तो लहान करून घेतला. आज एकाच तपासणीबद्दल बोलणार आहे. माणूस चालत असताना किंवा पायडल मारत असताना त्याच्या हृदयातून रक्त किती आणि किती जोरानं वाहतंय, हे ध्वनिलहरींनी मोजायची तपासणी. डॉक्टर तिला स्ट्रेस इको म्हणतात. मी डॉक्टर नाही, सॉफ्टवेअर इंजिनिअर आहे. त्यामुळे कोणती गोळी घ्यावी हे मला विचारू नका. यंत्र काय मोजतं, कसं मोजतं आणि कुठे फसतं, एवढं मला सांगता येईल. आणि ही तपासणी आपल्या घरांतल्या बायकांपर्यंत का पोचत नाही, त्याबद्दल बोलायचं आहे. खरं तर मी त्यासाठीच आले आहे.

आमच्या कामात लोड टेस्ट नावाचा एक प्रकार असतो. एखादी वेबसाइट दहा माणसांनी उघडली आणि नीट चालली, तर त्यावरून काहीच सिद्ध होत नाही. निकालाच्या दिवशी दहा लाख पोरं एकाच मिनिटाला बटण दाबतात, तेव्हा ती उभी राहते का, ते बघावं लागतं. म्हणून आम्ही मुद्दाम खोटी गर्दी तयार करतो आणि ती हळूहळू वाढवत नेतो. मग कुठेतरी एखादी अरुंद वाट सापडते, जिच्यातून शांत वेळी सगळं सुरळीत जात होतं आणि गर्दीत तिथेच सगळं तुंबतं.

हृदयाचंही असंच आहे. आपण इथे खुर्च्यांवर बसलो आहोत, तर आपलं हृदय मिनिटाला साधारण पाच लिटर रक्त ढकलतंय. शरीरात एकूण रक्तही जवळपास तेवढंच असतं, म्हणजे दर मिनिटाला एक फेरी. याच माणसाला स्टेशनचा जिना पळत चढायला लावा, तर धडधाकट हृदय तेवढ्याच वेळात पंधरा लिटरपर्यंत जातं. कसलेला धावपटू असेल तर त्याच्याही खूप पुढे. झोपवून काढलेला ईसीजी किंवा झोपवून केलेला टूडी इको आपल्याला पाच लिटरचं हृदय दाखवतो. पंधरा लिटरला ते काय करतं, हे त्याला कामाला लावल्याशिवाय कळत नाही.

आता हे मोजतात कसं? डोंबिवलीच्या फलाटावर उभं राहून न थांबणारी मेल जाताना तुम्ही सगळ्यांनी ऐकली आहे. येताना भोंगा चढा वाजतो आणि गाडी समोरून गेली, की तोच भोंगा एकदम खाली उतरतो. भोंगा तोच असतो, फरक गाडीच्या वेगामुळे पडतो. ख्रिस्तियन डॉप्लर नावाच्या ऑस्ट्रियन शास्त्रज्ञानं १८४२ मध्ये हे गणितानं मांडलं आणि १८४५ मध्ये हॉलंडमध्ये बाइस बॅलो यानं ते खरंच रेल्वेवर तपासलं. गाडीत तुतारी वाजवणारे बसवले आणि रुळाशेजारी सुरांचे जाणकार उभे केले. आपल्याकडे बोरीबंदर ते ठाणे पहिली गाडी धावली ती त्यानंतर आठ वर्षांनी, १८५३ मध्ये.

इको मशीनचा प्रोब छातीवर ठेवला, की त्यातून सेकंदाला पंचवीस लाख कंपनांच्या आसपासचा आवाज आत जातो. तो आपल्या कानांना ऐकू येत नाही. आत धावणाऱ्या लाल पेशींवर आपटून तो परत येतो, तेव्हा त्याची पट्टी किंचित बदललेली असते. रक्त सेकंदाला एक मीटर वेगानं प्रोबकडे येत असेल, तर हा फरक साधारण तीन हजार दोनशे कंपनांचा पडतो. गंमत बघा, जाणारा आणि येणारा आवाज दोन्ही कानापलीकडचे, पण त्यांच्यातला फरक बरोबर आपल्या कानाच्या टप्प्यात येतो. म्हणून इकोच्या खोलीत मशीनमधून तो ‘हुश्श, हुश्श’ आवाज येतो. तुमचंच रक्त वाहताना तुम्ही ऐकत असता.

वेग कळला, की पुढचं गणित नळाच्या पाण्यासारखं आहे. हृदयातून मुख्य रक्तवाहिनीकडे जाणारा मार्ग गोल धरायचा. त्याचा व्यास दोन सेंटिमीटर असेल, तर तोंडाचं क्षेत्रफळ ३.१४ चौरस सेंटिमीटर. एका ठोक्यात रक्ताचा स्तंभ किती पुढे सरकला, ते वेगाच्या आलेखावरून मिळतं. समजा वीस सेंटिमीटर. दोन्हींचा गुणाकार ६३ मिलिलिटर, म्हणजे एका ठोक्याला एवढं रक्त. मिनिटाला ७५ ठोके असतील तर ४.७ लिटर. आता हाच माणूस पायडल मारतोय, ठोके १५० झाले, स्तंभ २५ सेंटिमीटर सरकतोय. उत्तर येतं ११.८ लिटर. सुई नाही, नळी नाही, किरणोत्सर्ग नाही. जेल पुसलं की झालं.

पण यंत्र फसतं, तेही सांगते. तो दोन सेंटिमीटरचा व्यास कुणी चुकून १.८ वाचला, तर व्यासाचा वर्ग होत असल्यामुळे रक्ताचा आकडा एकोणीस टक्क्यांनी खाली येतो. प्रोब रक्ताच्या धारेच्या रेषेत नसला, तर वेग कमी दिसतो. वीस अंशांच्या तिरकेपणाला सहा टक्के, त्यापुढे चूक झपाट्यानं वाढते. शिवाय दमलेल्या माणसाची छाती वरखाली होत असते, फुप्फुसात हवा भरलेली असते आणि ध्वनिलहरी हवेतून नीट जात नाहीत. म्हणून ही तपासणी यंत्राइतकीच हाताची आहे. महागडं मशीन घेतलं म्हणजे तपासणी चांगली झाली, असं समजू नका. ती करणाऱ्यानं आजवर किती केल्या आहेत, हे विचारायला लाजू नका.

या यंत्राचा इतिहास मला फार आवडतो, कारण त्यात डॉक्टर आणि इंजिनिअर एकमेकांच्या दारात उभे दिसतात. स्वीडनमधल्या लुंड शहरात इंगे एडलर या डॉक्टरला एक अडचण होती. त्यांच्या रुग्णांत हृदयाची मायट्रल झडप अरुंद झालेले खूप लोक होते. शस्त्रक्रियेआधी झडपेची अवस्था कळायला हवी होती आणि छाती न उघडता ती कळत नव्हती. त्यांनी कार्ल हेल्मुट हर्ट्झ या भौतिकशास्त्रज्ञाला गाठलं. हर्ट्झला माहीत होतं, की जहाजबांधणीत धातूतल्या भेगा ध्वनिलहरींनी शोधतात. ते यंत्र त्यांनी उसनं आणलं आणि १९५३ मध्ये माणसाच्या छातीवर लावलं. त्याच दशकात जपानमध्ये ओसाकाच्या शिगेओ सातोमुरा यांनी डॉप्लरची युक्ती हृदयाला लावली. पुढे १९७०च्या दशकात नॉर्वेतल्या ट्रॉनहाइममध्ये लिव्ह हात्ले या महिला डॉक्टरनं ब्यॉर्न अँगेलसेन या इंजिनिअरबरोबर काम करून दाखवलं, की अरुंद झडपेतून उडणाऱ्या धारेच्या वेगावरून झडपेच्या दोन बाजूंच्या दाबातला फरक काढता येतो. सूत्र इतकं सोपं, की मी ते चहाच्या कपाखाली लिहून देईन. वेगाचा वर्ग गुणिले चार. वेग सेकंदाला एक मीटर असेल तर फरक चार मिलिमीटर पारा. वेग दुप्पट झाला तर फरक चौपट, सोळा.

हा चौपटीचा मुद्दा लक्षात ठेवा. आपली सगळी गोष्ट त्याच्यावर उभी आहे.

इथे एक पोटविषय काढते. आपल्या व्हॉट्सॲप ग्रुपांवर दर दोन महिन्यांनी इब्न अल-नफीस फिरतात. तेराव्या शतकातले दमास्कसचे हकीम, कैरोत काम केलं. हृदयाच्या उजव्या बाजूचं रक्त मधल्या पडद्यातून झिरपून डावीकडे जात नाही, ते फुप्फुसात जाऊन येतं, असं त्यांनी लिहून ठेवलं. हे खरं आहे आणि अभिमानाचंच आहे. पण ते हे लिहू शकले, कारण हजार वर्षं प्रमाण मानलेल्या गॅलेनला त्यांनी ‘इथे तुमचं चुकलंय’ असं सांगितलं. तो फॉरवर्ड पाठवणाऱ्या भावांना मी एक विचारते. तुमच्या अम्मीच्या छातीला शेवटचं स्टेथोस्कोप कधी लागलं? मागच्या वेळी एका ग्रुपवर विचारलं, तर तीन तास कुणी बोललं नाही. मग एकानं फुलांचा गुलदस्ता पाठवला.

तर मायट्रल झडप. हृदयाच्या डाव्या बाजूला वरचा कप्पा आणि खालचा कप्पा यांच्यामधला हा दरवाजा. फुप्फुसातून शुद्ध होऊन आलेलं रक्त याच दारातून खाली उतरतं. निरोगी माणसात तो चार ते सहा चौरस सेंटिमीटर उघडतो. लहानपणी घसा बसला, ताप आला, सांधे सुजले आणि ‘वाढीचं दुखणं’ म्हणून सोडून दिलं, अशा काही मुलांत तो ऱ्हुमॅटिक फीवर असतो. घशातल्या एका जंतूविरुद्ध शरीर लढायला उठतं आणि त्या लढाईत स्वतःच्या झडपेलाच इजा करून बसतं. मग पुढची वीस-पंचवीस वर्षं ती झडप हळूहळू जाड आणि अरुंद होत जाते. जंतू पसरतो दाटीत, एका खोलीत सात-आठ माणसं झोपतात तिथे. युरोप-अमेरिकेतून हा आजार घरं मोठी झाली, पेनिसिलीन आलं, तसा जवळजवळ गेला. आपल्याकडे अजून आहे. राबोडीत, मुंब्र्यात, भिवंडीच्या लूम कामगारांच्या वस्तीत, आपल्या गोविंदवाडीत दाटी किती आहे, हे मी तुम्हाला सांगायला नको. आणि मायट्रल झडप अरुंद होण्याचं प्रमाण पुरुषांपेक्षा बायकांत जास्त असतं.

दार थोडं अरुंद असलं, तर बसल्या जागी काही अडत नाही. पण कामाला लागलं, की दोन गोष्टी एकदम होतात. रक्त जास्त न्यायचं असतं आणि वेळ कमी मिळतो. मिनिटाला साठ ठोके असताना खालचा कप्पा भरायला दर ठोक्याला अर्ध्या सेकंदाहून जास्त वेळ असतो. एकशेवीस ठोक्यांना तो जेमतेम पाव सेकंदावर येतो. एवढ्याशा वेळात, एवढ्याशा दारातून रक्त काढायचं तर ते वेगानं काढावं लागतं आणि वेग दुप्पट तर दाब चौपट. हा दाब मागे फुप्फुसात जातो. पावसाळ्यात पुढची मोरी अरुंद असली, की मागची सगळी गल्ली तुंबते, तसंच. त्यालाच आपण धाप लागणं म्हणतो.

माझ्या मोठ्या खालाचं सांगते. तिच्या परवानगीनं सांगतेय. वय ४६. मुंब्र्यात चौथ्या मजल्यावर राहते, इमारतीला लिफ्ट नाही. दोन-अडीच वर्षं तिला अधूनमधून धडधड आणि रात्री खोकला होता. जवळच्या दवाखान्यात कधी गॅसची गोळी मिळाली, कधी ‘टेन्शन घेऊ नका’ हा सल्ला. ईसीजी ठीक होता. शेवटी एका डॉक्टरांनी आल्यानं ऐकून टूडी इको करायला सांगितला, तेव्हा झडप जाड झालेली दिसली. दार दीड चौरस सेंटिमीटरचं होतं. बसल्या जागी दाबातला फरक पाच. म्हणजे फार वाईट नाही. डॉक्टरांनी विचारलं, “दम लागतो का?” खाला म्हणाली, “नाही.” “जिने चढताना?” “नाही.” कागदावर लिहिलं गेलं: तक्रार नाही.

ती खोटं बोलत नव्हती. तिनं चार मजले उतरणंच सोडलं होतं. भाजी दोरीला पिशवी बांधून वर घ्यायची. लग्नाला जायचं तर ‘घरात कुणीतरी पाहिजे’ म्हणून मागे राहायची. रमजानमध्ये तरावीह तिची कधी चुकायची नाही, ती आधी आठ रकातींवर आली, मग खुर्चीवर. आम्ही सगळे समजलो, गुडघे. तिनंही सांगितलं गुडघे, कारण गुडघे दुखणं हे बाईचं मान्यताप्राप्त दुखणं आहे. हृदयाला जेवढं जमतं तेवढंच आयुष्य तिनं शिल्लक ठेवलं होतं. मग तक्रार कुठून येणार?

त्या डॉक्टरांना मात्र शंका आली आणि त्यांनी तिला मुंबईच्या एका रुग्णालयात व्यायामासह इको करायला पाठवलं. डाव्या कुशीवर कलता येईल असा पलंग असतो, त्याला सायकलचे पायडल. ती पायडल मारत होती आणि बाजूला बसलेली तंत्रज्ञ प्रोब धरून होती. दर काही मिनिटांनी पायडल थोडं जड करायचे. नऊ मिनिटंसुद्धा झाली नाहीत. ठोके ७६ वरून १२४ वर गेले आणि झडपेवरचा फरक ५ वरून १७ वर. फुप्फुसाच्या रक्तवाहिनीतला दाबही जवळपास दुप्पट. डॉक्टर साधारण पंधराच्या पुढच्या फरकाला गंभीरपणे घेतात. त्यांनी पुन्हा विचारलं, “आता दम लागतोय का?” तेव्हा ती म्हणाली, “हे तर मला रोजच होतं.”

पुढे फुग्यानं झडप रुंद करायची प्रक्रिया झाली. मांडीतल्या शिरेतून नळी वर नेतात, टोकाचा फुगा झडपेत फुगवतात. जपानच्या कान्जी इनोउए यांनी १९८०च्या दशकात आणलेली ही पद्धत आहे, छाती उघडावी लागत नाही. सगळ्याच झडपांना ती चालत नाही, हिला चालली. 

गरोदरपण ही निसर्गाची लोड टेस्ट आहे, हे जाता जाता सांगते. पोटात मूल असताना रक्ताचं प्रमाण चाळीस-पन्नास टक्क्यांनी वाढतं. तोवर लपून राहिलेली अरुंद झडप कित्येक मुलींत तेव्हाच उघडी पडते, सहाव्या-सातव्या महिन्यात, रात्री झोपता येत नाही तेव्हा. सुनेला धाप लागतेय आणि सासू म्हणतेय ‘आम्हालाही लागायची’, अशा घरात ऐकणारी कुणी बाई इथे बसली असेल, तर तिनं आशाताईला किंवा डॉक्टरला हे मोकळेपणी सांगावं.

आता आपल्या अडचणींकडे येते. तपासणीत छातीची डावी बाजू उघडी करावी लागते. इको करणारे बहुतेक ठिकाणी पुरुष आहेत. म्हणून आपल्याकडच्या बायका नको म्हणतात किंवा घरचे पुरुष त्यांच्या वतीनं नको म्हणतात. मला दोन्ही बाजूंना काही सांगायचं आहे. रुग्णालयांना सांगायचं, की बाईला बाई तंत्रज्ञ हवी असणं ही काही मुसलमानांची खास मागणी नाही. डोंबिवलीच्या जोशीकाकूंनाही तेच हवं असतं, त्या फक्त बोलत नाहीत. पुढून उघडणारा गाऊन, वरून चादर, खोलीत एक महिला मदतनीस आणि दार बंद, एवढं केलं तर निम्मी भीती जाते. याला पैसे लागत नाहीत. आणि घरच्यांना सांगायचं, की बाई तंत्रज्ञ मिळाली तर उत्तम, थोडं थांबून तारीख घ्या. मिळाली नाही म्हणून तपासणीच टाळू नका. फिकहमध्ये जरूरतीचा विचार आहे, तो आपल्या आलिमांना विचारा. ते माझ्यापेक्षा चांगलं सांगतील. मी विचारलं आहे.

कपड्यांचं विचारतात. सलवार-कुर्त्यात पायडलही मारता येतं आणि ट्रेडमिलवरही चालता येतं. बुरखा बाहेर ठेवावा, पायात अडकतो. चपलेऐवजी बूट. तपासणीआधी काही तास खायचं नसतं. हृदयाचे ठोके कमी करणाऱ्या गोळ्या काही वेळा आधी बंद ठेवायला सांगतात, पण त्या डॉक्टरांनी सांगितल्याशिवाय आपल्या मनानं बंद करू नका. ज्यांना चालताच येत नाही, त्यांच्यासाठी औषधानं हृदयाचा वेग वाढवून तपासायची पद्धत आहे.

ट्रेडमिलवाली तपासणी वेगळी असते, तीही सांगते. तिथे चालून थांबलं, की रुग्णाला लगेच कुशीवर घेऊन एक-दीड मिनिटाच्या आत चित्रं टिपावी लागतात, कारण हृदय पटकन शांत व्हायला लागतं. तिचा मुख्य उपयोग हृदयाच्या भिंती बघायला होतो. एखादी रक्तवाहिनी तुंबली असेल, तर त्या भागातली भिंत श्रमानंतर आळशी हलते. अमेरिकेत इंडियानाच्या डॉक्टरांनी १९७९ मध्ये अशी तपासणी प्रसिद्ध केली. नुसत्या ईसीजीवाली टीएमटी बायकांमध्ये जास्त वेळा खोटी घंटा वाजवते. चित्र जोडलं, की तो घोळ कमी होतो.

पण म्हणून उद्या सगळ्या मोहल्ल्यानं स्ट्रेस टेस्टला रांग लावावी, असं मी म्हणत नाही. उलट त्याला माझा विरोध आहे. हिशेब करा. समजा हजार बायका आहेत, कुणालाच तक्रार नाही आणि त्यांतल्या वीस जणींना खरोखर आजार आहे. तपासणी आजारी माणसाला शंभरात ऐंशी वेळा पकडते आणि निरोगी माणसाला शंभरात पंधरा वेळा उगाच पकडते, असं धरू. म्हणजे खऱ्या सोळा सापडल्या आणि खोट्या १४७. रिपोर्ट ‘पॉझिटिव्ह’ आलेल्या १६३ जणींपैकी १४७ जणी रात्रभर रडणार, कर्ज काढून पुढच्या तपासण्या करणार आणि त्यांना काहीच झालेलं नसणार. ‘पंचवीस तपासण्यांचं पॅकेज’ विकणारे हा हिशेब सांगत नाहीत. तपासणी त्यांनी करावी ज्यांना त्रास आहे, किंवा ज्यांची झडप खराब असल्याचं आधीच कळलं आहे. अडचण एवढीच, की त्रास आहे का, हा प्रश्न आपण चुकीचा विचारतो. ‘दम लागतो का’ असं विचारू नका. ‘दोन वर्षांपूर्वी तू काय करायचीस, जे आता करत नाहीस?’ असं विचारा.

मागच्या बैठकीत एका भाईंनी सूचना केली होती, की छोटं हातात मावणारं सोनोग्राफी यंत्र भाड्यानं आणू आणि दूधनाक्यावर शिबिर घेऊ. सूचना मनापासून होती. पण ते असं करता येत नाही आणि का करता येत नाही, हे आपण समजून घेतलं पाहिजे. ज्या यंत्रानं हृदय दिसतं, त्याच तंत्रानं गर्भ दिसतो. मुलगी आहे म्हणून गर्भ पाडण्यासाठी हेच यंत्र वापरलं गेलं. मुंबईतल्या स्त्री संघटना, डॉक्टर आणि कार्यकर्ते १९८०च्या दशकात त्याविरुद्ध उभे राहिले आणि १९८८ मध्ये महाराष्ट्रानं देशातला पहिला कायदा केला. केंद्राचा कायदा १९९४चा, तो १९९६ पासून लागू झाला. तरीही महाराष्ट्रात सहा वर्षांखालच्या दर हजार मुलांमागे मुली २००१ मध्ये ९१३ होत्या, त्या २०११ मध्ये ८९४ झाल्या. म्हणून इकोच्या यंत्राचीही नोंदणी लागते आणि हलवता येणारं यंत्र नोंदणी झालेल्या रुग्णालयात दाखल रुग्णांसाठी किंवा नियमात बसणाऱ्या फिरत्या वैद्यकीय पथकातच वापरता येतं. काही जणांना हा जाच वाटतो. मला वाटत नाही. हे यंत्र कुठेही नेता येऊ नये, अशी वेळ आपण समाज म्हणून आणली आहे आणि त्यात आपला धर्म, तुपला धर्म असं काही नाही.

मग यंत्र मोहल्ल्यात येत नसेल, तर बाईला यंत्रापर्यंत नेऊ. बहुतेक वेळा अडतं ते छोट्या गोष्टींवर. बरोबर कोण येणार, मुलांना कोण सांभाळणार, रिक्षाचे पैसे, फॉर्म कोण भरणार. महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेत, म्हणजे पूर्वीच्या राजीव गांधी जीवनदायी योजनेत, हृदयाच्या शस्त्रक्रिया बसतात. योजनेतल्या रुग्णालयात आरोग्यमित्राचं टेबल असतं, तिथे रेशनकार्ड आणि आधार घेऊन आधीच चौकशी करायची, दाखल झाल्यावर धावपळ करायची नाही. आणि लहान मुलांचा घसा वारंवार दुखत असेल, त्यात ताप आणि सांधे सुजत असतील, तर डॉक्टरांना दाखवा. ऱ्हुमॅटिक फीवर निघाला, तर पेनिसिलीनचं इंजेक्शन दर तीन आठवड्यांनी अनेक वर्षं घ्यावं लागतं. मूल बरं दिसतंय म्हणून मधेच सोडायचं नाही. हे इंजेक्शन स्वस्त आहे आणि झडप वाचवतं.

मागच्या टेबलावर एक वही ठेवली आहे. ठाणे ते कल्याण पट्ट्यात कुठे इको करायला महिला तंत्रज्ञ असते आणि कोणत्या वारी, याची यादी आम्ही तिघी मिळून करतोय. ज्यांना माहीत असेल त्यांनी लिहावं. दुसऱ्या पानावर सोबतीला जाऊ शकणाऱ्यांची नावं हवी आहेत. आतापर्यंत अकरा नावं आहेत आणि अकराही बायकांची. भावांसाठी जागा मोकळी ठेवली आहे. मुलं सांभाळायलाही कुणीतरी लागतंच.